‘मुलगा’ बदलला की काय काय बदलते: विनोदी प्रेमपटाचा परिचय नव्या शब्दांत कसा लिहावा

चित्रपट मंडळाचे मासिक पत्रक असो, महाविद्यालयाच्या महोत्सवाची पुस्तिका असो किंवा गणेशोत्सवात सोसायटीच्या पटांगणात होणाऱ्या खेळाची सूचना असो, चित्रपटाचा परिचय लिहायची वेळ आली की बहुतेक जण आधी कुठेतरी छापलेला परिच्छेद समोर घेतात आणि त्यातले शब्द एकेक करून बदलू लागतात. ‘कथे’ची ‘गोष्ट’ होते, ‘लग्ना’चा ‘विवाह’ होतो, ‘प्रेमा’ची ‘प्रीती’ होते. परिच्छेद वेगळा दिसू लागतो खरा, पण वाचताना तो जागोजागी टोचतो, आणि ज्याने मूळ वाचले आहे त्याला तर पहिल्या दोन ओळींतच सगळा प्रकार कळतो.

ही चूक मी स्वतः केलेली आहे. एका पुस्तिकेत ‘कथा’ हा शब्द फार वेळा येतो असे वाटल्याने मी संगणकाला एकच आज्ञा देऊन सगळीकडे ‘गोष्ट’ करून टाकले होते, आणि छापून आलेल्या पानावर ‘पटगोष्ट’ व ‘गोष्टनक’ हे दोन अपूर्व शब्द अवतरले. ‘पटकथा’ आणि ‘कथानक’ यांच्या पोटात ‘कथा’ दडलेली आहे, हे माझ्या ध्यानात असायला हवे होते. त्याच दिवशी ‘प्रेम’ काढून ‘प्रीती’ घालण्याचाही माझा विचार होता. ‘प्रेमळ’चे ‘प्रीतीळ’ होण्याआधी मी थांबलो, एवढेच समाधान.

तेव्हापासून मी एक क्रम पाळतो. आधी काय बदलायचे नाही ते ठरवायचे, मग वाचक कोण ते ठरवायचे, मग वाक्यांची मांडणी मोडून नव्याने करायची, आणि समानार्थी शब्दांना हात सगळ्यात शेवटी घालायचा. तो क्रम एका उदाहरणावर सविस्तर दाखवतो.

उदाहरणाचा परिच्छेद

सतीश राजवाडे यांनी दिग्दर्शित केलेला आणि मुक्ता बर्वे व स्वप्नील जोशी यांच्या भूमिका असलेला ‘मुंबई-पुणे-मुंबई’ हा चित्रपट २०१० साली आला, आणि पुढे २०१५ व २०१८ मध्ये त्याचे आणखी दोन भागही आले. मी निवडला आहे तो पहिला भाग, कारण त्याचे सूत्र बहुतेकांना ठाऊक आहे आणि त्याच्या परिचयात लग्न जुळवण्याच्या व्यवहारातले नेमके मराठी शब्द लागतात. पुढचा परिच्छेद कोणाचाही उतरवलेला नाही. असे परिच्छेद ज्या सरधोपट पद्धतीने लिहिले जातात, त्या पद्धतीने तो मीच मुद्दाम तयार केला आहे.

‘ही एका दिवसात घडणारी एक सुंदर प्रेमकथा आहे. मुंबईत राहणारी एक आधुनिक मुलगी लग्नासाठी सांगून आलेल्या एका मुलाला भेटण्यासाठी पुण्यात येते. तिला त्या मुलाला नकार द्यायचा असतो. पुण्यात तिची भेट दुसऱ्याच एका अनोळखी मुलाशी होते. सुरुवातीला दोघांमध्ये खूप भांडणे होतात, पण हळूहळू ते एकमेकांच्या प्रेमात पडतात. विनोदी संवाद आणि सुंदर अभिनयाने नटलेला हा सुंदर चित्रपट प्रत्येकाने पाहावा.’

आता केवळ शब्दांची अदलाबदल केली तर काय होते ते पाहा. ‘ही एका दिवसात घडणारी एक रमणीय प्रणयगाथा आहे. मुंबापुरीत वास्तव्य करणारी एक अर्वाचीन कन्या विवाहासाठी सांगून आलेल्या एका बालकाची भेट घेण्यासाठी पुण्यनगरीत आगमन करते.’ इथे प्रत्येक शब्द कोशात सापडेल आणि तरीही वाक्य हास्यास्पद झाले आहे. मुंबईची मुलगी एका बालकाशी लग्न ठरवायला निघाली आहे, असा त्याचा अर्थ होतो. विनोदी चित्रपटाच्या परिचयात विनोद असावा, पण तो असा नव्हे.

काय बदलायचे नाही

मूळ परिच्छेद वाचून झाल्यावर तो बाजूला ठेवावा आणि कोऱ्या कागदावर त्यातली माहिती तुटक शब्दांत टिपून घ्यावी. इथे ती अशी निघते: एक दिवस, मुंबईची मुलगी, पुण्यातले स्थळ, नकाराचा इरादा, अनोळखी तरुण, वादावादी, हळूहळू वाढणारी ओढ. चित्रपटाचे नाव, दिग्दर्शक, कलावंत आणि साल हा भाग तर उघडच बदलायचा नसतो, पण त्याखेरीज आणखी एक गोष्ट बदलता येत नाही आणि तिच्याकडे बहुतेकांचे दुर्लक्ष होते. कथेची गंमत ज्यावर उभी आहे तो शब्द तसाच राहिला पाहिजे. या चित्रपटाची निम्मी मौज मुंबईकर आणि पुणेकर यांच्या जुन्या उखाळ्यापाखाळ्यांत आहे. ‘मुंबई’ दोनदा येते म्हणून कोणी दुसऱ्या वेळी ‘महानगर’ किंवा ‘स्वप्ननगरी’ लिहिले, किंवा पुण्याला ‘विद्येचे माहेरघर’ केले, तर पुनरुक्ती टळेल, पण ज्यावर हसायचे तेच नाहीसे होईल. विशेषनाम पुन्हा आले तर येऊ द्यावे. वाचकाला त्याचा त्रास होत नाही.

याच कागदावर, थोडे अंतर सोडून, काय सांगायचे नाही तेही लिहावे. विनोदी प्रेमपटात शेवटी दोघे एकत्र येणार हे प्रेक्षकाला तिकीट काढतानाच माहीत असते. त्याला माहीत नसते ते कसे एकत्र येणार हे. ते ‘कसे’ परिचयात फुटता कामा नये, आणि शब्द बदलण्याच्या नादात ते नकळत फुटण्याचा धोका मोठा असतो. या मुद्द्याकडे मी शेवटी परत येणार आहे.

वाचक कोण

मराठीत एकाच वस्तूला दोन-तीन नावे असतात आणि ती वेगवेगळ्या घरांत राहतात. ‘चित्रपट’ पुस्तिकेत आणि वर्तमानपत्रात राहतो, ‘सिनेमा’ समीक्षकाच्या आणि आपल्या सगळ्यांच्या रोजच्या बोलण्यात राहतो, आणि ‘पिक्चर’ फक्त बोलण्यात राहतो, पण तिथे त्याच्याइतका हक्काचा शब्द दुसरा नाही. ‘बोलपट’ हा सावरकरांनी सुचवलेल्या शब्दांत नेहमी गणला जाणारा शब्द. १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ आला त्या काळाविषयी लिहिताना तो शोभतो, मात्र २०१० सालच्या चित्रपटाला ‘बोलपट’ म्हटले की लेखक पर्यायी शब्दांची यादी उघडून बसला आहे हे लगेच कळते.

म्हणून पहिला शब्द लिहिण्यापूर्वी मजकूर कुठे जाणार ते ठरवावे. छापील पुस्तिकेसाठी संस्कृतप्रधान नसलेली, पण नेटकी लेखी मराठी चालते. मोबाइलच्या पडद्यावर दिसणाऱ्या दोन ओळींसाठी छोटे, ठसठशीत शब्द लागतात. गटावर पाठवायच्या निरोपात ‘होते’चे ‘होतं’ झाले तरी बिघडत नाही, उलट तेच बरे दिसते. परदेशातल्या महाराष्ट्र मंडळासाठी लिहीत असाल तर तिथल्या दुसऱ्या पिढीला मराठी ऐकून कळते पण वाचताना जोडाक्षरांवर अडखळायला होते, हे लक्षात ठेवून ‘शाब्दिक चकमक’ऐवजी ‘वादावादी’ निवडावी. एकदा निवडलेला थर मात्र सोडू नये. ‘विवाहेच्छू तरुणी’ आणि ‘पिक्चर’ हे एका परिच्छेदात शेजारी बसले की दोघांचीही पंचाईत होते.

आधी वाक्य मोडा

मूळ परिच्छेदाची वाक्ये घटनाक्रमाने जातात: मुलगी येते, भेट होते, भांडणे होतात, प्रेम जमते. शब्द कितीही बदलले तरी हा सांगाडा तसाच राहिला तर मजकूरही मूळचाच राहतो. कायद्याच्या नजरेनेही हा मुद्दा महत्त्वाचा आहे. आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७८ साली असे म्हटले की कल्पना, विषय किंवा कथासूत्र यांच्यावर कोणाचा स्वामित्वहक्क नसतो. तो असतो त्यांच्या मांडणीवर आणि अभिव्यक्तीवर, आणि दोन्ही कृती पाहिलेल्या माणसाच्या मनावर दुसरी ही पहिलीची नक्कल असल्याचा ठसा उमटतो का, ही त्याची मोठी कसोटी. तो वाद नाटक आणि चित्रपट यांच्यातला होता, पण परिचयाच्या परिच्छेदालाही ते तत्त्व लागू पडते. मुंबईची मुलगी पुण्याला येते, ही माहिती सर्वांची आहे. ती कोणत्या क्रमाने, कोणत्या वाक्यांत आणि कोणत्या उपमांनी सांगितली, हे मात्र लिहिणाऱ्याचे आहे, आणि नेमके तेच जसेच्या तसे ठेवून आपण वरवरचे शब्द बदलत असतो.

मांडणी मोडण्याचा सोपा उपाय म्हणजे मूळ मजकूर उलटा ठेवून केवळ आपल्या टिपणावरून लिहायला बसणे, आणि सुरुवात वेगळ्या घटनेपासून करणे. या कथेत चार दारे आहेत. शहरापासून आत शिरता येते, मुलीच्या निर्णयापासून शिरता येते, त्या दोघांच्या भेटीपासून किंवा त्यांच्या वादापासून शिरता येते. मला निर्णयाचे दार आवडते, कारण ‘नकार द्यायचा’ हे आधी सांगितले की विनोदी प्रेमकथेचे इंजिन पहिल्याच वाक्यात सुरू होते: जिला नाही म्हणायचे आहे तिच्यावर ‘हो’ म्हणायची पाळी येणार का, हा प्रश्न वाचकाच्या मनात आपोआप उभा राहतो. मूळ परिच्छेदात तेच वाक्य तिसरे आहे आणि तिथे त्याचा काही उपयोग झालेला नाही.

आता शब्द

सुरुवात ‘मुलगा’ या शब्दापासून करतो, कारण तो सर्वांत साधा दिसतो आणि सर्वांत जास्त फसवतो. मराठीत ‘मुलगा’ म्हणजे लहान पोर, ‘मुलगा’ म्हणजे पुत्र, ‘मुलगा’ म्हणजे तरुण, आणि लग्नाच्या संदर्भात ‘मुलगा’ म्हणजे ज्याच्याशी लग्नाची बोलणी चालली आहेत तो. ‘मुलगा बघायला गेले’ या वाक्यात चौथा अर्थ आहे आणि कोणत्याही मराठी माणसाला तो न सांगता कळतो. पर्याय शोधताना या चारांपैकी कोणता अर्थ आपल्यापुढे आहे ते आधी पाहावे लागते. पहिल्या अर्थाचे पर्याय ‘बालक’, ‘पोरगा’; दुसऱ्याचे ‘चिरंजीव’, ‘लेक’; तिसऱ्याचे ‘तरुण’, ‘युवक’; आणि चौथ्याचा अस्सल पर्याय ‘स्थळ’. ‘स्थळ’ हा शब्द तर इतका आपला आहे की त्यात मुलगा, त्याचे घर, नोकरी आणि आत्याबाईंची शिफारस हे सगळे एकत्र येते. उदाहरणाच्या परिच्छेदात ‘मुलगा’ दोन माणसांसाठी वापरला आहे, म्हणून वाचताना गोंधळ होतो. सांगून आलेल्याला ‘स्थळ’ आणि वाटेत भेटलेल्याला ‘तरुण’ म्हटले की गोंधळ मिटतो आणि पुनरुक्तीही टळते. समानार्थी शब्दाचा खरा उपयोग हा आहे: सजावटीपेक्षा माणसे वेगळी ओळखू येण्यासाठी.

‘लग्न’ आणि ‘विवाह’ यांत अर्थाचा फरक फारसा नाही, पण ‘विवाह’ निमंत्रणपत्रिकेत आणि नोंदणी कार्यालयात राहतो. घरात ठरते, जमते, मोडते ते लग्न. विनोदी कथेत ‘लग्न’च ठेवावे. त्याभोवतीचे शब्द मात्र भरपूर आणि रसाळ आहेत: सांगून येणे, पसंती कळवणे, बोलणी होणे, होकार, नकार, कांदेपोह्यांचा कार्यक्रम. परिचयात यातला एखादा योग्य जागी आला तर तीन विशेषणांचे काम तो एकटा करतो.

‘भांडण’ या शब्दावर जरा जास्त रेंगाळायला हवे, कारण या प्रकारच्या चित्रपटात प्रेमाच्या खालोखाल महत्त्व भांडणाला असते. मराठीत भांडणाचे तापमान दाखवणारे शब्द आहेत. अगदी कोमट ती ‘कुरबुर’. त्याच्या वर ‘हुज्जत’, मग ‘वादावादी’, ‘खटका’, ‘खडाजंगी’ आणि शेवटी ‘तंटा’ व ‘कलह’. शेवटचे दोन विनोदी प्रेमपटाला चालत नाहीत, कारण तंटा ग्रामपंचायतीत जातो आणि कलह कुटुंब न्यायालयात. ‘हुज्जत’ भाजीवाल्याशी किंवा रिक्षावाल्याशी घातली जाते, पण या कथेतल्या वादाची खुमखुमी दाखवायला तो शब्द वाईट नाही. ज्या भांडणात दोघांनाही मनातून मजा येते आहे, त्यासाठी ‘शाब्दिक चकमक’, ‘जुगलबंदी’, ‘टोलेबाजी’ किंवा ‘चिमटे काढणे’ हे चांगले पर्याय आहेत. हिंदी परिचयांमधून ‘नोकझोक’ हल्ली मराठीत शिरला आहे. तो चूक आहे असे मी म्हणणार नाही, पण एवढे शब्द घरात असताना तो उसना का आणावा, हे मला उमगत नाही.

‘प्रेम’ बदलताना सर्वांत जपून पाऊल टाकावे. ‘प्रणय’ हा त्याचा समानार्थी म्हणून कोशात दिसतो, पण आजच्या मराठीत त्याला शारीर छटा आहे, आणि ‘सहकुटुंब पाहण्याजोगा प्रणयपट’ असे लिहिले तर आयोजकांना फोन येतात. ‘प्रीती’ भावगीताच्या काळातली वाटते, ‘अनुराग’ नाटकाच्या पदातला, ‘माया’ आईची, ‘जिव्हाळा’ मित्राचा आणि शेजाऱ्याचा. प्रेमाच्या आधीच्या पायऱ्यांसाठी मात्र मराठीत सुंदर शब्द आहेत आणि विनोदी प्रेमपटाचे दोन तास त्याच पायऱ्यांवर जातात: ओळख, गट्टी, ओढ, मन गुंतणे, जीव जडणे. ‘हळूहळू प्रेमात पडतात’ या वाक्यातले ‘हळूहळू’ काढून टाकावे आणि यातली एखादी पायरी दाखवावी. ‘सूत जुळणे’ हाही नेमका वाक्प्रचार आहे, मात्र त्यात शेजाऱ्यापाजाऱ्यांचा डोळा मिचकावलेला असतो. गटावरच्या निरोपात तो फक्कड दिसेल, पुस्तिकेत ‘सूर जुळणे’ बरे. ‘लफडे’ आणि ‘भानगड’ यांना सोडून द्यावे, हे सांगायला नको.

‘विनोदी’ला पर्याय देताना विनोदाचा पोत पाहावा. ‘खुसखुशीत’ संवादांना शोभतो, ‘नर्मविनोदी’ जिथे हसू ओठांतच राहते तिथे, ‘मिश्किल’ माणसाला किंवा त्याच्या नजरेला, ‘धमाल’ जिथे पळापळ आणि गोंधळ आहे तिथे. ‘प्रहसन’ आणि ‘फार्स’ हे स्वतंत्र नाट्यप्रकार आहेत; दोन माणसे शहरभर फिरत बोलत राहतात अशा चित्रपटाला ते नाव दिले तर दारे उघडझाप करण्याची आणि पलंगाखाली लपण्याची अपेक्षा घेऊन प्रेक्षक येईल.

‘अनोळखी’ला ‘अज्ञात’ म्हणू नये, कारण अज्ञात इसम पोलिसांच्या बातमीत असतो. ‘तिऱ्हाईत’ म्हणजे दोघांच्या व्यवहारातला तिसरा, ‘नवखा’ म्हणजे अनुभव नसलेला, ‘परका’मध्ये दुरावा आहे, आणि ‘अनभिज्ञ’ म्हणजे ज्याला माहिती नाही असा. उरतो ‘अपरिचित’, आणि तोही ‘अनोळखी’पेक्षा काही सरस नाही. अशा वेळी मूळ शब्द तसाच ठेवावा. प्रत्येक शब्द बदललाच पाहिजे, असे कोणी सांगितलेले नाही.

राहिला ‘सुंदर’. तो तीनदा आला आहे म्हणून ‘रम्य’, ‘मनोहर’, ‘देखणा’ शोधत बसण्यात अर्थ नाही. त्या विशेषणामागे माहितीच नाही, त्यामुळे त्याचा कोणताही पर्याय तितकाच पोकळ निघतो. तिन्ही खोडून टाकावेत आणि वाचलेल्या जागेत एखादा तपशील घालावा.

शब्दामागून येणारे व्याकरण

मराठीत नाम एकटे बदलत नाही. ‘चित्रपट गाजला’ असे आपण म्हणतो, ‘पिक्चर’ही पुल्लिंगीच, पण ‘फिल्म’ गाजते ती स्त्रीलिंगी. ‘हलकीफुलकी गोष्ट’ बदलून ‘किस्सा’ घेतला तर तो ‘हलकाफुलका’ होतो आणि ‘कथानक’ घेतले तर ते ‘हलकेफुलके’. ‘सुंदर’, ‘विनोदी’, ‘खुसखुशीत’ ही विशेषणे कोणत्याही लिंगाला तशीच राहतात, म्हणून घाईत असलेल्याने त्यांचा आधार घ्यावा; ‘देखणा’, ‘वेगळा’, ‘साधा’ यांना मात्र नामाबरोबर वळावेच लागते. सामान्यरूपाचेही तसेच आहे: गोष्टीचा, कथानकाचा, किश्श्याचा, आणि ‘पिक्चर’ मात्र काहीही न वाकता ‘पिक्चरचा’.

क्रियापदाची गाठ याहून घट्ट असते. माणूस प्रेमात पडतो, पण ‘जिव्हाळ्यात पडला’ असे कोणी म्हणत नाही. ओढ लागते, आकर्षण वाटते, मन गुंतते, जीव जडतो. नकार देतात किंवा कळवतात. ‘नकार करणे’ हे मराठी नव्हे. म्हणून नाम बदलले की त्याचे क्रियापद त्याच्याबरोबर आणावे, आणि मग सबंध वाक्य पहिल्यापासून मोठ्याने वाचावे. जिथे जीभ अडखळते तिथे बहुधा जुन्या नामाचे क्रियापद नव्या नामाजवळ विसरून राहिलेले असते.

कोश आणि यंत्रे

पर्याय सुचत नसेल तेव्हा कोश जरूर उघडावा. मोल्सवर्थच्या कोशाची १८५७ ची दुसरी आवृत्ती आणि दाते-कर्वे यांचा ‘महाराष्ट्र शब्दकोश’ हे दोन्ही शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर शोधता येतात, आणि आयआयटी मुंबईत तयार झालेल्या मराठी शब्दजालात समान अर्थाचे शब्द गटागटाने मांडलेले आहेत. जुन्या कोशात सापडलेला शब्द आज कोणी वापरते का, हे मात्र कोश सांगणार नाही. माझी कसोटी घरगुती आहे: हा शब्द मी गेल्या वर्षभरात कोणाच्या तोंडून ऐकला किंवा ताज्या वर्तमानपत्रात वाचला आहे का? नसेल तर तो परिचयात घालायचा नाही.

शब्द आपोआप बदलून देणाऱ्या यंत्रांचा धोका वेगळा आहे. हिंदी आणि मराठीची लिपी एक, संस्कृत शब्दही पुष्कळ समान, त्यामुळे हिंदी अर्थाचा शब्द मराठी वाक्यात बेमालूम येऊन बसतो. ‘संसार’ म्हणजे हिंदीत जग आणि मराठीत घरप्रपंच. विनोदी प्रेमपटाच्या परिचयात ‘दोघांचा संसार बदलून जातो’ असे आले तर वाचक त्यांचे लग्न झालेच असे समजून चालेल. ‘चेष्टा’ हिंदीत प्रयत्न आहे, आपल्याकडे थट्टा. ‘ती त्याला समजावण्याची चेष्टा करते’ हे वाक्य मी एका मराठी परिचयात खरोखर वाचले आहे.

तयार मजकूर

पुस्तिकेसाठी मी असे लिहीन:

‘नकार द्यायचा, हे मुंबईहून निघतानाच तिने ठरवलेले असते. सांगून आलेल्या स्थळाला तो समोरासमोर कळवावा, एवढ्यासाठी ती पुण्यात उतरते, आणि वाटेत गाठ पडते ती एका अनोळखी पुणेकर तरुणाशी. मुंबई मोठी की पुणे शहाणे, अशा वादातून पेटलेली शाब्दिक चकमक रस्त्यारस्त्यांतून रंगत जाते, आणि दिवस मावळेपर्यंत मन कुठे गुंतले हे दोघांनाही उमगू लागते. मुख्यतः दोनच पात्रांच्या खुसखुशीत संवादांवर तोललेली, एका दिवसात घडणारी प्रेमकथा.’

मोबाइलच्या पडद्यावर: ‘ती मुंबईची, नकार द्यायला आलेली. तो पुणेकर, वाटेत भेटलेला. मध्ये एक दिवस आणि भरपूर वादावादी.’

गटावर: ‘शनिवारी रात्री ‘मुंबई-पुणे-मुंबई’ बघायचाय. मुलगी मुंबईची, पुण्यात आलीय स्थळाला नाही म्हणायला, आणि वाटेत तिला एक अस्सल पुणेकर भेटतो. पुढचं इथे सांगत नाही. मुंबईवाल्यांनी आणि पुणेकरांनी शक्यतो शेजारी बसू नये.’

हे तिन्ही मजकूर मूळ परिच्छेदाशेजारी ठेवून पाहा. माहिती तीच आहे, पण सबंध वाक्य एकही जुळत नाही. ‘मुंबई’, ‘पुणे’, ‘नकार’ आणि ‘अनोळखी’ हे शब्द मात्र मी जाणूनबुजून तसेच ठेवले आहेत. ‘प्रत्येकाने पाहावा’ हे वाक्य गेले, कारण परिचय वाचून पाहावासा वाटला तर त्याची गरज उरत नाही आणि नाही वाटला तर त्याचा उपयोग नाही.

शेवटची तपासणी दोन माणसांकडून करून घ्यावी. एकाने चित्रपट पाहिलेला नसावा. त्याला वाचायला देऊन ‘यात कोण कोणाला भेटायला आले आहे’ एवढेच विचारावे. तो अडखळला तर नामे पुन्हा गुंतली आहेत असे समजावे. दुसऱ्याने चित्रपट पाहिलेला असावा, आणि त्याला विचारायचा प्रश्न असा की यातले काही खोटे आहे का. परिचय लिहिणाऱ्याला लपवण्याचा अधिकार आहे, खोटे सांगण्याचा नाही. उदाहरणाच्या परिच्छेदात मुलीची भेट ‘दुसऱ्याच एका अनोळखी मुलाशी’ होते असे होते. माझ्या तिन्ही मजकुरांत ‘अनोळखी’ किंवा ‘वाटेत भेटलेला’ आहे, पण ‘दुसराच’ कुठेही नाही. त्याला ‘भलताच’, ‘निराळाच’, ‘अन्य’ असे अर्धा डझन पर्याय मिळाले असते, तरी मी त्यातला एकही घेतला नाही. का घेतला नाही, हे चित्रपट पाहिलेल्यांना सांगावे लागणार नाही.